हर्षदाच्या लग्नाची कॅसेट

सूरतेच्या नवागामात खानदेशी घरात लग्न निघालं, की पत्रिका छापायच्या आधी हेमराजची तारीख घेतात. भटजी दुसरा चालतो, आचारी दुसरा चालतो, शूटिंगला मात्र हेमराजच लागतो. त्याचा कॅमेरा भारी आहे म्हणून नव्हे हो. त्याच्याहून भारी कॅमेरे गळ्यात अडकवून फिरणारी पोरं उधन्यात ढिगानं आहेत. कारण एवढंच, की हेमराजच्या शूटिंगमध्ये माणूस सुटत नाही. नवरीचा चुलता, नवऱ्याची आत्या, जेवणावरून रुसून मंडपाबाहेर खुर्ची टाकून बसलेले आत्याचे मालक, म्हणजे फुवा, सगळे येतात. हेमराज कॅमेरा घेऊन फुवांपुढे उभा राहतो, "फुवा, जरा इकडं बघा" म्हणतो, आणि फुवा रुसवा विसरून मिशी सारखी करतात. घरी गेल्यावर सगळे मिळून आधी स्वतःला शोधतात. ज्याला आपण दिसलो नाही तो पुढच्या लग्नाला येत नाही, इतकं ते गंभीर प्रकरण असतं. आता सगळं पेन-ड्राइव्हमध्ये मिळतं, पण बाया अजून कॅसेटच म्हणतात.

हेमराज मूळचा शिरपूरकडचा. मिसरूड फुटायच्या आधी लूमच्या कारखान्यात लागला. त्या यंत्रांच्या खडखडाटातून बाहेर पडला तो एका जुन्या कॅमेऱ्याच्या जोरावर, आणि त्या सगळ्या काळात त्याला दोन वेळचं गरम जेवायला घातलं शेजारच्या लीलाबाईंनी. नात्याच्या नाहीत, पण मावशी म्हणायचा, आणि मावशीपेक्षा जास्तच मानायचा. लीलाबाई घरी बसून साड्यांवर टिकल्या चिकटवायचं काम करायच्या, त्यांचे मालक दगाभाऊ लूमवर होते, आणि पोरगी हर्षदा सूरतेतच जन्मलेली, आईशी अहिराणी, मैत्रिणींशी गुजराती आणि मोबाईलशी हिंदी बोलणारी.

असं सगळं सुरळीत चाललं होतं, आणि मग अपर्णाबाई आल्या.

अपर्णाबाई आपल्याच, मराठी. वडील बँकेतून निवृत्त होऊन अडाजणला फ्लॅटमध्ये राहणारे. बाई सिनेमा शिकून आल्या होत्या, बाहेरच्या कुठल्याशा संस्थेनं त्यांना माहितीपट करायला दिला होता, आणि विषय होता कामगार वस्तीतल्या बाईचं रोजचं जगणं. वस्तीतला, बोली कळणारा कॅमेरावाला हवा होता, म्हणून हेमराज. बाई पण वस्तीतलीच हवी होती, म्हणून हेमराजनं सुचवल्या लीलाबाई.

"आपलं तत्त्व एकच," अपर्णाबाईंनी पहिल्या दिवशी त्याला समजावलं. "कुणाला काही सांगायचं नाही, काही विचारायचं नाही. इकडे बघा, तिकडे बघा, काही नाही. जे घडतं ते फक्त पाहायचं." मग लीलाबाईंकडे वळून गोड आवाजात म्हणाल्या, "मावशी, आम्ही नाहीच आहोत असं समजा."

"आसं कसं?" लीलाबाई म्हणाल्या. "घरात माणसं उभी, नि मी नाहीत असं समजू? चार घरं नावं ठेवतील ना मला!"

आणि खरंच सांगा, पाहुणा दारात असताना खाली मान घालून टिकल्या चिकटवायच्या, ही काय माणसाची रीत आहे? पहिल्या दिवशी लीलाबाई लग्नाकार्याची जरीची साडी नेसून बसल्या. साड्यांचं गाठोडं पसारा दिसायला नको म्हणून पलंगाखाली ढकललं. दगाभाऊंनी उभ्या आयुष्यात स्वयंपाकघराचा उंबरा ओलांडला नव्हता, ते कॅमेरा सुरू होताच म्हणाले, "पाणी देऊ का गं तुला?" लीलाबाईंनी त्यांच्या कपाळाला हात लावून पाहिला. पुढचा आठवडा असाच गेला. बाईंनी सगळं शूटिंग तपासलं, तर त्यात रोजचं जगणं एवढंच निघालं, की लीलाबाई हातात कप घेऊन "चहा घ्या ना बाई" म्हणत कॅमेऱ्याकडे चालत येतात, आणि मग पडद्यावर नुसता कप.

अपर्णाबाईंनी चहा घेतला तर शेजारच्या रागावल्या, आमच्याकडचा का नाही घेतला. मग त्यांच्याकडचा घेतला. बाईंना पित्त झालं.

काही हलवायचं नाही हे त्यांचं तत्त्व मात्र पक्कं होतं. अपवाद फक्त फ्रिजचा. दगाभाऊंनी नवाकोरा लाल फ्रिज आणला होता, लीलाबाईंनी त्याला हार घातला होता, आणि बाई म्हणाल्या, "तेवढा तो चादरीनं झाका, डोळ्यांत येतो." म्हणजे रोजचं जगणं हवंच होतं, पण फ्रिज वगळून.

होता होता माणसं कंटाळली. कॅमेरा रोज येणार, रोज नुसता बघत बसणार, त्याचं किती कौतुक करायचं? जरीची साडी ट्रंकेत गेली, गाठोडं बाहेर आलं. एका दुपारी मायलेकींचं हर्षदाच्या अजून न ठरलेल्या लग्नाच्या शालूवरून कडाक्याचं भांडण झालं, हर्षदा गुजरातीतून ओरडली, लीलाबाई अहिराणीतून, आणि मग दोघी एकाच साडीच्या दोन टोकांना टिकल्या चिकटवत बसल्या. हेमराजनं ते सगळं टिपलं. अडाजणच्या फ्लॅटमध्ये मोठ्या पडद्यावर ते लागलं, तेव्हा त्याच्या अंगावर काटा आला. रोज ज्या बाईच्या हातचं खाल्लं ती बाई त्यानं जणू पहिल्यांदाच पाहिली. अपर्णाबाई हळूच म्हणाल्या, "हेमराज, तुला दृष्टी आहे."

झालं! जन्मभर ज्याला लोकांनी "ए शूटिंगवाले, बाजूला हो" एवढंच म्हटलं, त्याला दृष्टी असल्याचं कळलं. मग काय विचारता? माणूस गेला कामातून. घरी बायको रंजना भाकरी थापत बसली, की हा समोर कॅमेरा लावून बसायचा.

"अहो, परात द्या ना उचलून," ती म्हणाली.

"मी नाहीच आहे असं समज."

"ते तर मी लग्न झाल्यापासून समजते," रंजना म्हणाली, आणि स्वतःच उठली.

त्याच उन्हाळ्यात हर्षदाचं लग्न ठरलं. मुलगा भेस्तानचा, लखन नावाचा, मिलच्या ऑफिसात कामाला, स्वभावानं गरीब. सूरतेत कार्यालयाला वाडी म्हणतात, तशी दिंडोलीतली एक वाडी ठरली. हेमराजनं आधीच सांगून टाकलं, शूटिंग माझ्याकडून, मावशी, पैशाचं नाव काढू नका.

हळदीच्या आदल्या दिवशी लीलाबाईंनी त्याला घरी बोलावलं, समोर बसवलं, आणि आवाज खाली आणून बोलल्या. त्यांच्यात एक रीत होती. मंगलाष्टका सुरू झाल्या, की नवरीच्या आईनं मुलीकडे पाहायचं नाही. आत जाऊन, मंडपाकडे पाठ करून बसायचं, अक्षता पडून वाजंत्री वाजेस्तोवर. आईची नजर लागते म्हणतात, किंवा आईच्यानं बघवत नाही म्हणतात, कारण कुणाला ठाऊक नाही, पण रीत मोडलेली कुणी ऐकलेलं नाही.

"मनी माय अशीच बसली होती," लीलाबाई म्हणाल्या. "मी लग्नात कशी दिसत होते ते तिनं पाहिलंच नाही. तेव्हा कुठलं शूटिंग? विचारायची मला मरेपर्यंत, अंतरपाट पडला तेव्हा तू हसली का रडली. मला तरी काय आठवणार? मी मान खाली घातलेली." त्यांनी पदरानं डोळे पुसले. "म्हणून सांगते हेमराज, माले सगळं दखाड, सगळं दाखव. अंतरपाट, माळ, अक्षता, सगळं. मला दुसरी पोरगी नाही."

"मावशी, एक क्षण सुटणार नाही," हेमराज म्हणाला. त्या वेळी तो खरंच मनापासून म्हणाला.

लग्नाच्या दिवशी लोक नेहमीसारखे नटूनथटून आले आणि हेमराज दिसताच ओळीत उभे राहिले. हेमराज त्यांच्यासमोरून निघून गेला. नवऱ्याकडचे फुवा रुसून बाहेर बसले होते. हेमराजनं लांबून त्यांचा रुसवा टिपला आणि काही न बोलता चालता झाला. फुवांची मिशीकडे गेलेली बोटं तशीच अधांतरी राहिली. दगाभाऊंचे थोरले भाऊ सुकदेव नवा फेटा बांधून दोनदा कॅमेऱ्याच्या वाटेत येऊन उभे राहिले. हेमराजनं त्यांना वळसा घालून चपलांचा ढीग घेतला. दुसरा कॅमेरा तीन पायांच्या तिकाटण्यावर उभा करून मंडपाकडे लावून ठेवायची त्याची जुनी सवय होती. पण अपर्णाबाई म्हणायच्या, एक डोळा, एक कॅमेरा. म्हणून तो कॅमेरा घरीच राहिला होता.

मुहूर्त आला. अंतरपाट धरला गेला, हर्षदा शालूत मान खाली घालून उभी, लोकांच्या मुठीत अक्षता. हेमराज मोक्याच्या जागी उभा होता. भटजींनी पहिला सूर लावला, आणि नेमक्या त्याच वेळी हेमराजला लीलाबाई दिसल्या. पदराचं टोक दातांत धरून गर्दीतून कोठीच्या खोलीकडे निघाल्या होत्या. हेमराजच्या अंगावर पुन्हा तो काटा आला. मंडपात काय, तेच ते, हजार लग्नांतलं. खरं तर तिकडे चाललंय!

अरे बाबा, खरं तिकडे चाललं असेल, पण तू शब्द कुणाला दिला होतास? ते त्याला आठवलंसुद्धा नाही. तो मावशींच्या मागे गेला. कोठीत सिलिंडर, बटाट्यांची पोती, आणि भिंतीकडे तोंड करून पाटावर बसलेल्या लीलाबाई. कर्ण्यातून मंगलाष्टका येत होत्या. प्रत्येक 'सावधान'ला त्यांचे खांदे हलायचे. मुठीत अक्षता होत्या. शेवटच्या 'सावधान'ला बाहेर गलका झाला, ताशा वाजला, आणि त्या माउलीनं हातातल्या अक्षता समोरच्या भिंतीवर टाकल्या. हेमराज रडत होता, पण कॅमेरा हलू दिला नाही.

तुम्ही म्हणाल, आजकाल मोबाईल नसतो कुणाकडे? असतो ना. पण मोबाईलमध्ये ज्याचं त्याचं तोंड, मागे कुठंतरी बोटाएवढा मंडप, आणि वरून सिनेमाचं गाणं चिकटवलेलं. फोटोवाल्यानं फोटो काढले, पण फोटोत अंतरपाट नुसता धरलेला असतो, पडत नाही.

अपर्णाबाईंनी ते शूटिंग पाहिलं आणि ढसाढसा रडल्या. म्हणाल्या, माझ्या फिल्मचा शेवट हाच, परदेशातले लोक उभे राहून टाळ्या वाजवतील. हेमराज नवागामात परतला तो जमिनीपासून वीतभर वरून चालत.

मग रविवारी दगाभाऊंच्या घरी कॅसेट लावली. पलंग बाहेर काढला, सतरंजी टाकली, भेस्तानहून व्याही मंडळी आली, हर्षदा-लखन आले. लीलाबाई अगदी टीव्हीसमोर बसल्या. आज त्यांनी कुणाला चहासुद्धा आधी दिला नाही. मग देते म्हणाल्या, आधी पोरीचं लग्न बघू द्या.

शूटिंग सुरू झालं. गाणं नाही, फुलं उडत नाहीत, नावं नाहीत. चपला दिसल्या. बराच वेळ चपला दिसल्या. मग नवऱ्याची आत्या पिशवीत जिलब्या भरताना दिसली, आणि व्याही मंडळी वरचा पंखा न्याहाळू लागली. मग दगाभाऊ खुर्च्यांवरून मंडपवाल्याला शिव्या देताना दिसले. फुवा रुसलेले दिसले, आणि तसेच राहिले. सुकदेवभाऊंचा फेटा एका कोपऱ्यात अर्धा आला, खाली सुकदेवभाऊ नव्हते.

"हे काय दाखवतो रे?" कुणीतरी म्हणालं. लीलाबाईंनी हातानं गप्प केलं, कारण मंगलाष्टका सुरू झाल्या होत्या. त्या पुढे सरकल्या, पार पडद्याला नाक लागेल इतक्या. पडद्यावर एक पाठ आली.

"ही कोण बाई?"

"मम्मी, तूच," हर्षदा म्हणाली.

लीलाबाई शेवटपर्यंत पाहत राहिल्या. पाठ, पोती, भिंत. अक्षता भिंतीवर पडल्या आणि पुढचं चित्र थेट पंगतीचं आलं. त्यांनी मान वळवून हेमराजकडे पाहिलं.

"मनी पाठ माले काय करनी शे रे भाऊ? पोरनं तोंड दखाड."

"मावशी," हेमराज म्हणाला, "पण तेच तर खरं होतं..."

"ते मला ठाऊक आहे. मी तिथंच होते ना."

मग त्या उठल्या आणि सगळ्यांना चहा केला. हेमराजपुढे कप आला नाही. तो त्या घरात येऊ लागल्यापासून असं कधीच झालं नव्हतं, आणि त्या न आलेल्या कपानं हेमराजला जे कळलं ते सगळ्या अडाजणनं मिळून सांगितलं असतं तरी कळलं नसतं. परदेशातल्या टाळ्या गेल्या उडत. मावशीला आयुष्यात एकदा बघायचं होतं ते त्यानं कायमचं घालवलं होतं.

वस्तीत बातमी पसरायला वेळ लागला नाही. शूटिंगवाला वेडा झालाय, चपलांचं शूटिंग काढतो. दिवाळीनंतरच्या तारखा एकेक करून सुटल्या. पण हेमराजच्या डोक्यात तारखा नव्हत्या. तो घरोघर जाऊन मोबाईल मागत होता. हर्षदाच्या शालूचा काठ सापडला, मेंदीचा हात सापडला, तोंड काही सापडलं नाही.

शेवटी एके संध्याकाळी रंजना म्हणाली, "तिचं लग्न परत लावा की. नवरा तोच, नवरी तीच, कोण अडवतंय?"

हेमराजनं अपर्णाबाईंना फोन करून सांगितलं. बाई किंचाळल्याच. म्हणाल्या, हा खोटेपणा आहे, हे तू करूच कसं शकतोस, सगळ्या तत्त्वांचा खून आहे हा. हेमराजनं ऐकून घेतलं आणि भेस्तानची रिक्षा पकडली. लखनची आई मंगलाबाई दारातच भेटल्या. त्यांना वाटलं होतं हा माफी मागायला आलाय. परत लग्न लावायचं ऐकल्यावर म्हणाल्या, "लावू. पण आमचे फुवा पहिल्या रांगेत. आणि जिलब्या घ्यायच्या नाहीत शूटिंगमध्ये."

भटजींनी साफ नकार दिला. लागलेलं लग्न पुन्हा लावणार नाही म्हणाले. सुकदेवभाऊंनी लगेच घसा खाकरला. आपल्याला सगळ्या मंगलाष्टका पाठ आहेत, फक्त कॅमेरा समोरून लावा, एवढंच त्यांचं म्हणणं होतं.

रविवारी सकाळी नवागामच्या गल्लीत मांडव पडला. पहिल्या वेळी सुटलेले सगळे आले, न सुटलेलेही आले. हर्षदा शालू नेसली, लखननं मुंडावळ्या बांधल्या, दोघं लाजत होते आणि हसूही आवरत नव्हतं. अपर्णाबाईसुद्धा आल्या, स्वतःचा कॅमेरा घेऊन. खोटेपणा कसा घडतो तेही टिपायला हवं म्हणाल्या. हेमराजनं दोन कॅमेरे तिकाटण्यावर लावले आणि तिसरा हातात घेतला. फुवांना "जरा इकडं" म्हणाला, फुवांनी मिशी सारखी केली. लीलाबाईंना सगळ्यांनी धरून समोरच्या खुर्चीवर बसवलं. आज बघ बाई डोळे भरून, हे काही खरं लग्न नाही, म्हणाले.

अंतरपाट धरला. सुकदेवभाऊंनी सूर लावला, तो लागला नाही, पण त्यांनी सोडला नाही. हर्षदाची मान खाली गेली, आणि तिचं हसू कुठल्या कुठे पळालं.

लीलाबाई खुर्चीवरून उठल्या.

"अगं, कुठं चालली?" दगाभाऊ ओरडले. "हे खोटं आहे!"

"लग्न खोटं असेल. पोर तर खरी आहे ना?" लीलाबाई म्हणाल्या, पदराचं टोक दातांत धरलं, घरात गेल्या आणि भिंतीकडे तोंड करून बसल्या.

उघड्या दारातून ती पाठ हेमराजला स्पष्ट दिसत होती. बाजूनं अपर्णाबाई कुजबुजल्या, "हेमराज, आत! आत बघ!" आणि स्वतः धावल्या. हेमराज हलला नाही. त्याचे डोळे पाण्यानं भरले होते, समोरचं नीट दिसत नव्हतं, तरी त्यानं हर्षदाच्या चेहऱ्यावरून कॅमेरा काढला नाही. अंतरपाट पडला. ती हसली का रडली ते त्यानं पाहिलं, सगळं पाहिलं. माळ, अक्षता, मुंडावळ्या सावरणारा लखन, एकेक.

ताशा वाजला तशा लीलाबाई बाहेर आल्या आणि थेट हेमराजपुढे उभ्या राहिल्या.

"दखाड," म्हणाल्या.

घरी जाऊन मोठ्या टीव्हीवर लावतो म्हणाला, तर ऐकेनात. मग त्यानं कॅमेऱ्याचा छोटासा पडदा त्यांच्यासमोर धरला. लीलाबाई दोन्ही हातांनी तो कॅमेरा धरून वाकल्या. इतक्यात हर्षदा हार-मुंडावळ्यांसकट धावत आली आणि आईच्या खांद्याला लटकली.

"मम्मी, त्यात काय बघतेस? मी इथे उभी आहे ना, माझ्याकडे बघ!"

"थांब व माय, मधे येऊ नको," लीलाबाई मान वर न करता म्हणाल्या. "माले पोरनं लगीन देखू दे."